पॅरामेशियमचे संयुग्मन हे ‘लैंगिक प्रजनन’ म्हणावे का?

तापीकाठ (जळगाव)

बी.एस्सी.ला प्राणिशास्त्र शिकवताना पाठ्यपुस्तकांतली एक मांडणी मला दर वर्षी खटकते. पॅरामेशियम या एकपेशीय जीवाच्या प्रकरणात ‘प्रजनन’ या मथळ्याखाली दोन भाग केलेले असतात. आडवे द्विविभाजन (एका पेशीच्या दोन होणे) हे अलैंगिक प्रजनन आणि संयुग्मन (दोन पेशींनी तात्पुरते जुळून केंद्रकांची देवाणघेवाण करणे) हे लैंगिक प्रजनन. विद्यार्थी तेच पाठ करतात, प्रॅक्टिकलला संयुग्मनाची स्लाइड स्पॉट म्हणून, म्हणजे ओळखायचा नमुना म्हणून, लागली की तेच लिहितात आणि आपण पूर्ण गुण देऊन मोकळे होतो. माझ्या मते हे विधान चुकीचे आहे. संयुग्मन ही लैंगिक प्रक्रिया आहे, परंतु प्रजनन नाही, आणि हा फरक पहिल्याच वर्षी स्पष्ट व्हायला हवा.

प्रत्यक्षात काय घडते ते पाहा. अन्न संपत आले आणि जुळणाऱ्या मेटिंग टाइपची (म्हणजे जिच्याशी संयुग्मन होऊ शकते अशा प्रकारची) पेशी जवळ असली, की दोन पॅरामेशियम मुखाच्या बाजूने एकमेकांना चिकटतात. पॅरामेशियम कॉडॅटम या जातीत प्रत्येक पेशीत एक बृहत्केंद्रक (रोजचा कारभार चालवणारे मोठे केंद्रक) आणि एक लघुकेंद्रक (लैंगिक प्रक्रियेत भाग घेणारे लहान केंद्रक) असते. लघुकेंद्रकाचे अर्धसूत्री विभाजन (गुणसूत्रांची संख्या निम्मी करणारे विभाजन) होऊन चार केंद्रके तयार होतात, त्यांतली तीन विरून जातात आणि उरलेले एक पुन्हा विभागते. या दोहोंपैकी एक जागेवर थांबते, तर दुसरे जोडीदाराच्या पेशीत जाऊन तिथे थांबलेल्या केंद्रकाशी एकरूप होते. त्यानंतर दोन्ही पेशी सुटून आपापल्या वाटेने जातात. दोन पेशी जुळल्या होत्या, दोनच सुटल्या. उलट, त्या जोडलेल्या असताना त्यांचे विभाजन थांबलेले असते, म्हणजे संख्यावाढ त्या काळापुरती खोळंबतेच.

आपल्या रावेर-यावलच्या केळीच्या बागा कंदांपासून किंवा टिश्यू कल्चरच्या रोपांपासून उभ्या राहतात. तिथे प्रजनन आहे, पण लैंगिकता नाही. पॅरामेशियममध्ये याच्या नेमके उलट दिसते, आणि दोन्ही गोष्टी वेगळ्या असू शकतात हे समजावण्यासाठी याहून चांगले उदाहरण माझ्या पाहण्यात नाही.

धुळेकर

मॅडम, आपण हिशेब अर्ध्यावर थांबवला आहे. पेशी सुटल्या म्हणून प्रक्रिया संपत नाही. कॉडॅटममध्ये एकरूप झालेले केंद्रक लागोपाठ तीनदा विभागून आठ केंद्रके होतात. त्यांतली चार मोठी होऊन बृहत्केंद्रके बनतात, उरलेल्या चारांपैकी तीन नष्ट होतात आणि एक लघुकेंद्रक म्हणून राहते. मग पेशी दोनदा विभागते आणि प्रत्येक नव्या पेशीच्या वाट्याला एकेक बृहत्केंद्रक येते. म्हणजे प्रत्येक पेशीपासून चार, आणि जोडीपासून आठ.

ही दोन विभाजने नेहमीच्या द्विविभाजनासारखी नाहीत, कारण त्यांत बृहत्केंद्रक विभागले जात नाही, आधीच तयार झालेली बृहत्केंद्रके फक्त वाटली जातात. ती संयुग्मनाचाच भाग आहेत आणि त्यांच्याशिवाय पेशी आपल्या मूळ रचनेला परतत नाही. दोनाच्या आठ होतात, याला प्रजनन म्हणायचे नाही, तर काय म्हणायचे?

तापीकाठ (जळगाव)

सर, वाटणीच्या विभाजनांचा मुद्दा रास्त आहे आणि तो शिकवलाच पाहिजे. परंतु वाटणी किती वेळा होणार हे त्या जातीत किती बृहत्केंद्रके तयार होतात यावर ठरते. पॅरामेशियमच्याच ऑरेलिया गटातल्या जातींत साधारणपणे दोनच तयार होतात, म्हणून एका विभाजनात काम भागते. पेशी दुप्पट होते ती विभाजनाने. विभाजन हे पॅरामेशियमचे प्रजनन आहे हे आपण आधीच मान्य केले आहे, मग त्याचे श्रेय संयुग्मनाला कसे द्यायचे?

आता स्वयंयुग्मनाकडे पाहू. ऑरेलिया गटात डिलर यांनी १९३६ मध्ये त्याचे वर्णन केले. यात जोडीदार नसतोच. एकाच पेशीत अर्धसूत्री विभाजन होते, त्याच पेशीतली दोन केंद्रके एकरूप होतात आणि नवे बृहत्केंद्रक घडते. केंद्रकांच्या पातळीवर बहुतेक सारे टप्पे संयुग्मनाचेच आहेत. संयुग्मनाला प्रजनन म्हणणाऱ्याला यालाही प्रजनन म्हणावे लागेल, आणि एका पेशीने एकटीने आपलीच केंद्रके बदलून घेणे हे कोणाचे प्रजनन, याचे उत्तर द्यावे लागेल.

या घोळाचे परिणाम मी प्रयोगशाळेत पाहते. मेहरूण तलावाचे पाणी आणून आम्ही त्यात कडबा भिजत घालतो. काही दिवसांनी वरच्या सायीजवळचा थेंब स्लाइडवर घेतला, की त्यात पॅरामेशियम धावताना दिसतात. कधी एखादी जोडलेली आकृती दिसली, की विद्यार्थी लगेच ‘प्रजनन चालू आहे’ असे म्हणतात. त्यांना विचारावे लागते की पेशी एकामागे एक आहेत का आणि मध्ये कंबरेसारखी खाच आहे का? तसे असेल तर ते विभाजन. त्या शेजारी-शेजारी, मुखाची बाजू एकमेकींना लावून, एकत्र पोहत असतील तर ते संयुग्मन. दोन्हींना एकच नाव दिल्यामुळे नीट पाहण्याची गरजच त्यांना वाटेनाशी होते.

निवृत्त प्राध्यापक, अमळनेर

मी तापीकाठ यांच्या विरुद्ध बाजूचा आहे, मात्र धुळेकरांच्या कारणासाठी नाही. डोकी मोजून हा प्रश्न सुटणार नाही, असे मला वाटते.

पॅरामेशियमचा दैनंदिन कारभार बृहत्केंद्रक चालवते. ऑरेलिया गटातल्या टेट्राऑरेलिया या जातीत त्यात जीनोमच्या (संपूर्ण जनुकसंचाच्या) सुमारे ८०० प्रती असतात. संयुग्मनात हे जुने बृहत्केंद्रक तुकडे होऊन नाहीसे होते आणि नव्या जनुकीय मिश्रणातून नवे घडते. यापुढे ती पेशी ज्या जनुकांवर जगणार आहे, ती जनुके आधीच्या पेशीची नव्हेत. शिवाय दोन्ही पेशींत आता एकसारखेच जनुकीय मिश्रण असते, कारण थांबलेले आणि गेलेले केंद्रक ही एकाच केंद्रकाची सूत्री विभाजनाने (हुबेहूब प्रती करणाऱ्या विभाजनाने) झालेली जोडी असते. जुळण्यापूर्वी एकमेकींपासून वेगळ्या असलेल्या दोन पेशी सुटताना जनुकीय दृष्ट्या जुळ्या बहिणी असतात. मग जुन्या दोघी कुठे गेल्या? माझे उत्तर असे की त्या संपल्या आणि त्यांच्या जागी नव्या आल्या.

सॉनबॉर्न यांनी १९३७ मध्ये ऑरेलियातले मेटिंग टाइप शोधून काढले आणि त्यानंतर पॅरामेशियमच्या संकराचे जनुकशास्त्र उभे राहिले. त्या शास्त्रात संयुग्मनातून निघालेल्या पेशींना पहिली पिढी, म्हणजे एफ-१, असेच म्हणतात. केवळ विभाजनाने वाढत राहिलेला ऑरेलियाचा वंश म्हातारा होतो. संयुग्मन किंवा स्वयंयुग्मन झाले नाही, तर टेट्राऑरेलियामध्ये सुमारे २०० विभाजनांनंतर तो संपतो. ज्या घटनेपासून आयुष्याची मोजणी नव्याने सुरू होते, तिला जन्म म्हणायला अडचण काय? स्वयंयुग्मनालाही मी या अर्थाने प्रजनन म्हणायला तयार आहे.

सूक्ष्मजीव, चाळीसगाव

एक छोटी भर घालतो. जिवाणूंमध्येही संयुग्मन शिकवले जाते. लेडरबर्ग आणि टेटम यांनी १९४६ मध्ये ई. कोलायमध्ये जनुकांची सरमिसळ दाखवली, त्यातून पुढे आलेली ही प्रक्रिया. तिथे डीएनए एकाच दिशेने जातो, अर्धसूत्री विभाजन नसते आणि केंद्रकच नसल्याने केंद्रके एकरूप होण्याचा प्रश्न येत नाही. त्याला आमच्या विषयात कोणी प्रजनन म्हणत नाही. स्पायरोगायरा या शैवालात मात्र पेशींतला सगळा जीवरसच एकरूप होऊन युग्मनज (मीलनातून झालेली एकच पेशी) तयार होतो. तिन्ही ठिकाणी एकच संज्ञा असल्यामुळे कोणत्या गटाबद्दल लिहितो आहोत हे उत्तरात आले नाही, तर मी गुण कापतो.

तापीकाठ (जळगाव)

अमळनेरच्या सरांचा मुद्दा सगळ्यांत वजनदार आहे, म्हणून त्याला सविस्तर उत्तर देते. नवी जनुकीय पिढी सुरू होते, हे मला पूर्ण मान्य आहे. ‘जुन्या दोघी संपल्या’ हे मात्र मान्य नाही. बायसाँ आणि सॉनबॉर्न यांनी १९६५ मध्ये दाखवले की पॅरामेशियमच्या पृष्ठभागावरच्या पक्ष्माभिकांच्या (केसांसारख्या हलणाऱ्या तंतूंच्या) काही रांगा उलट्या बसल्या, तर तो उलटेपणा पुढच्या पिढ्यांत तसाच उतरतो, आणि केंद्रकांतली जनुके बदलली तरी तो हटत नाही. म्हणजे संयुग्मनातून बाहेर पडणारी पेशी आपले शरीर, त्याची घडण आणि त्यातले दोषसुद्धा घेऊन बाहेर पडते. कप्पा कणांचेही तसेच. हे पेशीद्रवात राहतात, आणि ते असलेली ‘मारक’ पेशी ते नसलेल्या ‘संवेदनशील’ पेशींना मारते. मारक आणि संवेदनशील पेशींच्या जोडीत पेशीद्रवाची अदलाबदल झाली नाही, तर दोघींची जनुके सारखी होऊनही मारक मारक राहते आणि संवेदनशील संवेदनशील. सरांच्या ‘जुळ्या बहिणी’ इथे वेगळ्या ओळखता येतात, आणि त्या ओळखता येतात जुन्या शरीरांवरूनच.

मोपा यांनी १८८९ मध्येच या प्रक्रियेकडे पेशीचा कायाकल्प म्हणून पाहिले होते. कायाकल्प होतो तो असलेल्या देहाचा, आणि त्यात कोणी नवा देह जन्माला येत नाही.

एम.एस्सी. विद्यार्थी, शहादा

मॅडम, मग पॅरामेशियमच्याच नात्यातल्या, देठावर वाढणाऱ्या व्हॉर्टिसेला या एकपेशीय जीवाचे काय? तिथे लहान, पोहणारी पेशी देठावरच्या मोठ्या पेशीला चिकटते आणि कायमची तिच्यात सामावून जाते. हे शुक्राणू आणि अंडपेशीच्या मीलनासारखेच आहे. निदान तिथे तरी लैंगिक प्रजनन म्हणावे ना?

तापीकाठ (जळगाव)

मीलन जरूर म्हणा. पण शुक्राणू आणि अंडपेशी हे आईवडील नसतात, त्यांनी तयार केलेले युग्मक (मीलनासाठीच्या खास पेशी) असतात. व्हॉर्टिसेलात युग्मक म्हणून वेगळे कोणी नाही, जुळणाऱ्या दोन्ही पेशी हेच दोन जीव असतात. त्या दोघांचा एक होतो, म्हणजे इथे संख्या कायमसुद्धा राहत नाही, ती कमी होते. लैंगिकता आणि संख्यावाढ या दोन गोष्टी वेगळ्या ठेवाव्यात याला व्हॉर्टिसेलाने माझ्याच बाजूने साक्ष दिली आहे.

धुळेकर

मला अजूनही वाटते की वाटणीची विभाजने संयुग्मनातून वगळता येणार नाहीत. तरीही स्पॉटला ‘लैंगिक प्रक्रिया’ असे लिहिणाऱ्याला मी पूर्ण गुण देईन, अट एवढीच की एकरूप झालेल्या केंद्रकाचे पुढे काय होते, हे त्याने आकृतीसह आठ केंद्रकांपर्यंत नेऊन दाखवले पाहिजे. आमच्याकडच्या विद्यार्थ्यांच्या बहुतेक प्रॅक्टिकल जर्नलांत आकृती पेशी सुटतात तिथेच संपते, आणि प्रजनन म्हणा अथवा म्हणू नका, ती आकृती अपुरी आहे.