गहाणखत हातात, तरी बारा वर्षांनी पैसे बुडाले : कायदा कोणाच्या बाजूचा?

साखरपेठकर
विषय माझ्याच घरातला आहे, त्यामुळे लिहिताना राग येणार. २००८ साली वडिलांनी ओळखीच्या एका टॉवेल कारखानदाराला पाच लाख दिले. सोलापुरात पूर्व भागातला त्याचा चार मागांचा कारखाना गहाण, गहाणखत रीतसर नोंदवलेलं, ताबा त्याच्याकडेच, परतफेडीची मुदत ३१ मार्च २०१०. पुढे धंदा बसला, मग त्याच्या मुलीचं लग्न निघालं, मग त्याचं आजारपण. वडील म्हणायचे, "रोज चहाला भेटतो, त्याला कोर्टात कुठं खेचायचं?" गेल्या वर्षी वडील गेले. कागद घेऊन वकिलाकडे गेलो तर म्हणाले, दावा लावायची बारा वर्षांची मुदत संपली. कारखाना आजही उभा आहे, मुलगा भाड्याने देतो. ज्याने भीड धरली तोच नागवला. असला कायदा कशाला हवा?

मागवाल्याचा पोरगा
वडिलांबद्दल वाईट वाटलं. पण दुसरी बाजू माझ्या घरात घडलीय. आजोबांनी घर गहाण टाकलं होतं, देणारा माणूस वर्षानुवर्षं गप्प. आम्हाला वाटलं, फिटलं असेल. आजोबा वारले, साक्षीदार वारले, पावत्यांची पेटी वाळवीने खाल्ली, आणि मग साहेब उगवले, कारण तोवर जागेला भाव आला होता. आजोबांनी किती फेडलं होतं हे आम्ही कुठून सिद्ध करणार? दर वेळी गप्प बसणं म्हणजे भीडच असते असं नाही ओ. कधी कधी तो हिशेब असतो.

निवृत्त हिशेबनीस
हे पटत नाही. हातउसने पैसे असते तर तीन वर्षं ठीक, तिथे तोंडी व्यवहार असतो. इथे नोंदणीकृत दस्त आहे, सही-शिक्का आहे. दस्ताला कुठली वाळवी लागणार? आणि देणाऱ्याला बारा वर्षं, तर घेणाऱ्याला गहाण सोडवायला तीस वर्षं! हा कुठला न्याय?

मागवाल्याचा पोरगा
काका, दस्त पैसे *घेतल्याचा* आहे. *फेडल्याचा* दस्त कोण करतं?

वकीलबाई
दोघंही निम्मं बरोबर बोलताय. १९६३ च्या मुदत कायद्यात गहाणाच्या पैशाच्या दाव्याला बारा वर्षं आहेत, अनुच्छेद ६२. ती दस्ताच्या तारखेपासून मोजत नाहीत, पैसे देय झाल्यापासून मोजतात. म्हणजे इथे ३१ मार्च २०१० पासून. त्यात कोरोनाकाळाची सवलत धरा. १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ सर्वोच्च न्यायालयाने मुदतीतून वगळायला सांगितला होता. त्या हिशेबाने तुमचा दावा मार्च २०२४ पर्यंत चालला असता. वडील तेव्हा होते, नाही का?
आणि मुदत गेल्यावर समोरच्याने हरकत घेतली नाही तरी कोर्टाला दावा फेटाळावाच लागतो. उशीर माफ करा हा अर्ज अपिलाला चालतो, मूळ दाव्याला नाही. बँकांनाही यातून सूट नाही.
तीस वर्षांचं म्हणाल तर ती सवलत फुकटची नाही. कर्जदाराने गहाण सोडवायचा दावा लावला तर कोर्ट आधी येणं किती ते ठरवतं आणि भर म्हणतं. तुमचा दावा मेला तरी कर्ज मेलेलं नसतं. उताऱ्यावरचा बोजाही आपोआप उतरत नाही. त्या पोराला उद्या कारखाना विकायचा झाला तर तुमच्या दारात यावंच लागेल.

साखरपेठकर
म्हणजे त्याला विकायची बुद्धी होईस्तोवर मी वाट बघायची. तोवर भाडं त्याचं.

मंगळवेढ्याचा ज्वारीवाला
आमच्याकडचं उलटं ऐका. आजोबांनी जमीन ताब्यासकट गहाण दिली, व्याजाच्या बदल्यात पीक त्याने घ्यायचं. पन्नासएक वर्षांनी सोडवायला गेलो तर तो म्हणे, तीस वर्षं झाली, आता जमीन माझी. पण सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये सांगून टाकलंय की ताबेगहाणात नुसती वर्षं उलटली म्हणून तो मालक होत नाही. पैसे फिटल्यावरच तिथं मुदत सुरू होते. तेव्हा सगळ्याच मुदती काढा म्हणू नका, आणि सगळ्याच ठेवा असंही नको. ताबा कोणाकडे ते आधी बघा.

निवृत्त हिशेबनीस
ही तर देणाऱ्याची आणखी एक गळचेपी झाली.

मंगळवेढ्याचा ज्वारीवाला
पन्नास वर्षं शाळू खाल्लाय की त्याने आमचा!

वकीलबाई
साखरपेठकर, मूळ मुद्द्यावर येते. बारा वर्षांच्या आत त्याने कधी कर्ज लेखी कबूल केलं होतं का, सहीनिशी? किंवा काही रक्कम भरली होती? तसं असेल तर तिथून नवी बारा वर्षं मिळतात.

साखरपेठकर
वडिलांच्या वहीत आहे. "दिवाळीला पंधरा हजार आले", "गड्ड्याच्या जत्रेच्या वेळी दहा".

वकीलबाई
ते वडिलांचं अक्षर. भरल्याची नोंद त्याच्या हातची किंवा त्याच्या सहीची हवी. चेकने आलंय का काही? चेकवर देणाऱ्याची सही असतेच.

मागवाल्याचा पोरगा
आता मला हे विचारायचंय की वहीतले हे पंधरा आणि दहा हजार तुम्ही पाच लाखांतून वजा करणार ना? की ते फक्त मुदतीपुरते?

साखरपेठकर
वजा करणार. पण आधी व्याजातून.

मागवाल्याचा पोरगा
बघा, इथंच व्याजाचा ढीग होतो.

वकीलबाई
ढिगालाही दामदुपटीची मर्यादा आहे. आपल्या मुंबई इलाख्यात कोर्टांनी हा जुना नियम उचलून धरला. हिंदू ऋणकोकडून एका वेळी मुद्दलाहून जास्त व्याज वसूल करता येत नाही.

साखरपेठकर
काल रात्री ट्रंक उपसली. पासबुकात ऑक्टोबर २०१५ ची वीस हजारांची एक नोंद आहे, चेकने जमा. नाव नाही, नुसता चेक नंबर.

वकीलबाई
तो चेक त्याचाच आणि याच कर्जापोटी निघाला तर कोरोनाकाळ धरून २०२९ पर्यंत वाव आहे. पण खातं कोणाचं ते बघा. बायकोच्या किंवा पोराच्या खात्यावरचा असेल तर समोरचा वकील तेवढंच धरून बसेल.

मागवाल्याचा पोरगा
आणि त्याचा असेल तर दावा लावायच्या आधी एकदा त्या पोराकडे जाऊन चहा प्या. बापाने त्याला हे गहाण कधी सांगितलं होतं का, तेही कळेल.

साखरपेठकर
सोमवारी आधी बँकेत जातो. चहाचं नंतर बघू.