कॅथलिक आणि सीएनआय: बाप्तिस्मा एक मानतात, मग प्रभुभोजन एकत्र का नाही?

खोपट_ठाणे:
जय ख्रिस्त सगळ्यांना. आम्ही सीएनआयचे (चर्च ऑफ नॉर्थ इंडिया, प्रोटेस्टंट), मूळ नगरकडचे, आजोबांची मंडळी अमेरिकन मराठी मिशनची, आता ठाण्यात असतो. ताईचं लग्न ठरलंय, मुलगा कॅथलिक, वसईकडचा. दोन्ही घरं खूश आहेत. पण फादरांना भेटायला गेलो तेव्हा ते म्हणाले की मिस्सा (कॅथलिकांची प्रभुभोजनासह उपासना) ठेवली तर ताईला आणि आमच्या माणसांना कम्युनियन, म्हणजे प्रभुभोजन, देता येणार नाही, आणि तेव्हापासून आई फार अस्वस्थ आहे. तिचं म्हणणं एकच, आमचा बाप्तिस्मा तुम्हाला चालतो ना, मग त्याच प्रभूच्या मेजावर आम्ही का नको? आमच्याकडे दुसऱ्या मंडळीचा सभासद आला तर पाळकसाहेब त्याला परत पाठवत नाहीत. त्यात एका काकांनी सांगून ठेवलंय की ताईला पुन्हा बाप्तिस्मा घ्यावा लागेल. हे खरं आहे का? आणि पोप, लुथरन, ऑर्थोडॉक्स यांच्या एवढ्या बैठका होतात, त्यातून आपल्यासारख्यांच्या हातात काय आलंय? मला समजून घ्यायचंय, कुणाच्या चर्चला नावं ठेवायला हा धागा काढलेला नाही.

वाशीची_कॅथलिक:
पहिलं म्हणजे काकांचं ऐकू नका. पाण्याने आणि पिता, पुत्र, पवित्र आत्मा या नावाने झालेला बाप्तिस्मा कॅथलिक चर्च खरा मानतं, तो परत देत नाहीत, सीएनआयमधून दाखला आणा बस. लग्नाला बिशपांची परवानगी लागते, तो अर्ज फादरच पाठवतात. लग्न तुमच्या चर्चमध्ये करायचं असेल तरी होतं, त्यासाठी वेगळी सूट मागायची. नवऱ्या मुलाला मात्र सांगावं लागतं की पुढे मुलांना कॅथलिक म्हणून वाढवायला मी शक्य ते सगळं करेन. ताईला तसं वचन द्यावं लागत नाही, फक्त तिला याची कल्पना दिली जाते. हे लग्नाआधीच दोघांनी बसून नीट बोलून घ्या, कारण माझ्या पाहण्यात कम्युनियनपेक्षा याच्यावरून नंतर जास्त त्रास होतो.

आता आईंचा प्रश्न. तो चुकीचा अजिबात नाही, त्यांना सांगा की २०१५ मध्ये रोममधल्या लुथरन चर्चमध्ये एका बाईंनी थेट पोप फ्रान्सिसना हेच विचारलं होतं, नवरा कॅथलिक, मग आम्ही एकत्र कम्युनियन कधी घेणार. पोपनी परवानगी दिली नाही पण नाहीही म्हटलं नाही, साधारण असं म्हणाले की तुमचा बाप्तिस्मा एक आहे, प्रभूशी बोला आणि पुढे व्हा. २०१८ मध्ये जर्मनीच्या बिशपांनी अशा जोडप्यांसाठी थोडी वाट मोकळी करायचं ठरवलं तर त्यांच्यातच केवढा वाद झाला. आमची अडचण अशी की आमच्यात कम्युनियन घेणं म्हणजे त्या चर्चशी पूर्ण एक असल्याची साक्ष, त्यामुळे आधी एकी मग मेज. तुमच्याकडे मेजावरूनच एकी वाढते असं मानतात. मला स्वतःला दोन्हीत तथ्य वाटतं आणि म्हणूनच हे जास्त दुखतं.

एक सुचवते, दोघांतला एकच कॅथलिक असेल तर लग्नाचा विधी मिस्साशिवाय करता येतो, वाचन, गीतं, प्रवचन, लग्नाची वचनं सगळं असतं. मग निम्मे उठले निम्मे बाकावर बसले असं होत नाही. फादरांना हेच सुचवा.

जुना_सेक्रेटरी:
मी बरीच वर्षं मंडळीच्या पंचायतीत काम केलंय म्हणून जरा मोठं लिहितो. आपण सीएनआयवाले स्वतःच या एकीच्या कामातून जन्मलोय हे आपल्याच पोरांना कुणी सांगत नाही. २९ नोव्हेंबर १९७० ला नागपूरला सहा चर्च एक झाली, अँग्लिकन, प्रेसबिटेरियन आणि काँग्रिगेशनल मिळून झालेलं युनायटेड चर्च, बाप्टिस्ट, ब्रदरन, ब्रिटिश-ऑस्ट्रेलियन परंपरेतले मेथडिस्ट आणि डिसायपल्स. तुमच्या आजोबांची नगरची मंडळी त्या युनायटेड चर्चमधून आली, आणि ठाण्याचं सेंट जेम्स अँग्लिकन होतं, म्हणजे आज तिथे नगरचा माणूस बाकावर बसतो हाच त्या एकीचा परिणाम आहे. बोलणी १९२९ ला सुरू झाली होती, चाळीस वर्षं लागली, आणि कशावर अडत होतं तर बाप्तिस्म्यावरच! बाप्टिस्ट लहान मुलाला बाप्तिस्मा देत नाहीत, अँग्लिकन देतात. शेवटी दोन्ही पद्धती एका चर्चमध्ये ठेवल्या, ज्याला जसं पटेल तसं, पण एकदा घेतला की परत नाही. दुसरा घोळ बिशपांचा, काँग्रिगेशनलवाल्यांना (त्यांच्यात प्रत्येक मंडळी आपला कारभार स्वतः पाहते) बिशप ही कल्पनाच नको होती, त्यांनीही मान्य केलं. प्रत्येकाला काहीतरी सोडावं लागलं. अमेरिकन परंपरेतल्या मेथडिस्टांनी तर अगदी शेवटी अंग काढून घेतलं, गुजरातच्या ब्रदरनांचं प्रॉपर्टीचं भांडण सुप्रीम कोर्टापर्यंत गेलं, म्हणजे सगळं गोडीगुलाबीने झालं असं नाही.

कॅथलिकांशी अडलंय ते याच दुसऱ्या मुद्द्यावर. प्रेषितांपासून चालत आलेली बिशपांची परंपरा आणि त्यातून मिळणारी दीक्षा, ती आपल्या पाळकांकडे आहे असं रोम मानत नाही, म्हणून आपलं प्रभुभोजन त्यांच्या लेखी अपुरं. आपल्याला हे लागतं, मलाही लागतं. पण विश्वासाने नीतिमान ठरण्याचा, म्हणजे माणूस देवापुढे कशाने योग्य ठरतो हा मुद्दा, ज्यावरून लूथरच्या वेळी युरोप फुटला, त्यावर १९९९ ला आउग्सबर्गमध्ये रोम आणि लुथरन यांनी एकत्र सही केली, मग २००६ ला मेथडिस्ट, २०१७ ला रिफॉर्म्ड (प्रेसबिटेरियनांच्या परंपरेतली) चर्चेस त्यात आली. याची एक ओळसुद्धा आपल्या रविवारच्या संदेशात कधी ऐकली नाही.

ऐरोली_विश्वासी:
सगळ्यांना सलाम. माझं वेगळं मत आहे, राग नसावा. लहानपणी मला चर्चमध्ये पाणी शिंपडलं होतं, मोठा झाल्यावर प्रभू भेटला तेव्हा मी पाण्यात बुडून बाप्तिस्मा घेतला, तोच माझा पहिला. सह्या आणि बिशप यांनी एकी होत नाही. योहान १७ मध्ये प्रभूने प्रार्थना केली ती सगळे एक व्हावेत म्हणून, ती आत्म्याची एकी आहे, ऑफिसची नव्हे. लॉकडाऊनमध्ये आमच्या बिल्डिंगमधल्या कॅथलिक घराला आम्ही जेवण देत होतो, एकत्र प्रार्थना केली, कुणालाही विचारावं लागलं नाही.

वाशीची_कॅथलिक:
भाऊ, जेवण आणि प्रार्थना, त्याला माझा मनापासून आमेन. पण तुम्ही बुडून घेतलेल्याला पहिला बाप्तिस्मा म्हणता तेव्हा ज्या आईवडिलांनी तुम्हाला चर्चमध्ये नेलं त्यांच्या विश्वासाचं काय होतं? १९८२ ला पेरूतल्या लिमाला प्रोटेस्टंट, ऑर्थोडॉक्स आणि कॅथलिक अभ्यासक एकत्र बसले आणि बाप्तिस्मा परत देऊ नये हे एकमताने लिहिलं. ते उगाच नाही, ज्याला परत देता त्याच्या सगळ्या मंडळीला तुम्ही ख्रिस्ती नाही असं सांगता. प्रभूने ती प्रार्थना करताना जगाने विश्वास ठेवावा म्हणून असंही म्हटलंय, म्हणजे एकी लोकांना दिसायला हवी, नुसती मनात ठेवून चालणार नाही.

नेरूळ_सेक्टर_वीस:
मी मराठी, सासर मल्याळी मार थोमा (केरळमधलं सिरियन परंपरेतलं चर्च, पोपच्या हाताखालचं नाही). आमच्या चर्चचं सीएनआयशी आणि दक्षिणेतल्या सीएसआयशी (चर्च ऑफ साउथ इंडिया) १९७८ पासून नातं आहे, एकमेकांकडे प्रभुभोजन घेतो, म्हणजे माहेरी गेले की मला काहीच अडचण नाही. नवी मुंबईत तर कॅथलिकांमध्येच लॅटिन वेगळे, केरळच्या सिरियन परंपरेतले सिरो मलबार वेगळे, सिरो मलंकारा वेगळे, विधी भाषा सगळं वेगळं तरी पोप एकच. मला वाटतं एकी म्हणजे सगळ्यांनी एकसारखं होणं नाही, हे आपल्या स्टेशनांच्या आसपासच दिसतं. खोपटकर, १८ ते २५ जानेवारी ख्रिस्ती ऐक्याचा प्रार्थना सप्ताह असतो, १९०८ पासून चालत आलाय, दोन्ही घरांनी मिळून फादर आणि पाळकसाहेब दोघांना तेव्हा एकत्र प्रार्थना ठेवायला सांगा ना. मागणी लोकांकडून आली की ते ठेवतात.

खोपट_ठाणे:
सगळ्यांचे आभार. आईला वाचून दाखवलं, मिस्साशिवायचा विधी तिला पटला, पण ती म्हणाली कम्युनियनबद्दल मी फादरांना स्वतः बोलणार, भांडायला नाही, मला काय वाटतं ते त्यांना कळावं म्हणून. वाशीताई, अजून एक, विधीमध्ये आमच्या पाळकसाहेबांना काही करता येतं का?

वाशीची_कॅथलिक:
हो, फादरांनी बोलावलं तर ते वाचन करू शकतात, दोन शब्द बोलू शकतात, आशीर्वादाची प्रार्थना करू शकतात. फक्त लग्नाची वचनं एकानेच घ्यायची, दोघांनी वेगवेगळी नाही. आईंना फादरांकडे नक्की जाऊ द्या. आणि रेव्हरंड ना. वा. टिळकांची भजनं ठेवा, ती दोन्हीकडच्या म्हाताऱ्यांना पाठ असतात.