‘कालभ्रम’ की ‘चकवा’? एका काल्पनिक कालखंडाचं नाव

प्रश्न : एका दीर्घकथेवर काम चालू आहे. तिच्यातला राजा प्रजेची वेळेची जाणीवच बदलून टाकतो. दिवस कधी ताणतो, कधी आखडतो, आणि लोकांना त्याचा पत्ताही नसतो. या सगळ्या कालखंडाला नाव हवं आहे. सध्या ‘कालभ्रम युग’ लिहिलंय, पण जिभेवर बसत नाही. दुसरं काही सुचतंय का?

उत्तर : अडचण ‘भ्रम’मध्ये आहे. मराठीत भ्रम ज्याचा त्याला होतो. ‘त्याला भ्रम झालाय’ म्हटलं की दोष त्याच्याच डोक्यात. तुमच्या कथेत तर करणारा दुसराच आहे. ‘चकवा’ घ्या. चकवा लागतो, तसा चकवा देतातही. कोकणात रात्री रानातून येताना चकवा लागला की माणूस चालत राहतो आणि फिरून फिरून त्याच झाडाखाली येतो. तुमच्या प्रजेचं हेच झालंय.

‘युग’ मात्र काढाच. एकटं कलियुग ४,३२,००० वर्षांचं. एका राजवटीला ते फार मोठं होतं. राजा आपल्या काळाला ‘शक’ म्हणेल. शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक शक इ.स. १६७४ मध्ये सुरू झाला, तसा. लोक मात्र काळाला भोगलेल्या गोष्टीचं नाव देतात : ‘प्लेगच्या साली’, ‘दुष्काळाच्या साली’. तेव्हा दोन नावं ठेवा. दरबारी कागदांवर राजाच्या नावाचा शक आणि ओट्यावरच्या बोलण्यात ‘चकव्याची सालं’.

आता चकवा द्यायचा कसा? आमच्या घरी तांब्याचं घटिकापात्र आहे, वाटीएवढं, बुडाला बारीक भोक. पाण्याने भरलेल्या घंगाळात सोडलं की आधी ते नुसतं डुलतं. भोकातून पाणी आत चढत राहतं, काठ पाण्याला टेकतो आणि वाटी गुडूप होते. झाली एक घटका, म्हणजे २४ मिनिटं. अशा ६० घटकांचा दिवस. ते भोक कोणी केसभर मोठं केलं तर वाटी लवकर बुडेल, प्रत्येक घटका आखूड होईल, आणि टोले ऐकणाऱ्याला ते कळायचं नाही. ‘तास’ म्हणजे मुळात टोले देण्याची धातूची थाळी. वेळेलाही तेच नाव पडलं. लोक वाटी पाहत नव्हते, तास ऐकत होते. तुमच्या राजाला हात घालायला जागा इथे आहे.

खरा दाखला हवा असेल तर मुंबईचा घ्या. १८८१ मध्ये गव्हर्नर जेम्स फर्ग्युसन यांनी मुंबईला मद्रासची वेळ लावली. ओरड एवढी झाली की १८८३ मध्ये ती मागे घ्यावी लागली. पुढे १ जानेवारी १९०६ पासून देशभर एकच वेळ आली. ती मुंबईच्या स्थानिक वेळेच्या ३९ मिनिटं पुढे, दीड घटकेहून थोडी जास्त. त्याच जानेवारीत गिरणीकामगारांनी विरोध केला. पहाटेच्या भोंग्यावर उठणाऱ्याला ३९ मिनिटं म्हणजे काय, हे त्याला सांगावं लागत नाही. सरकार ‘स्टँडर्ड टाइम’ म्हणत राहिलं, शहरात ‘मुंबई टाइम’ही १९५५ पर्यंत टिकला. पाहा, एकाच सकाळीला दोन नावं. फरक एवढाच की मुंबईकरांना काटे कोण फिरवतंय ते दिसत होतं, म्हणून त्यांना भांडता आलं.

प्रश्न : ‘चकव्याची सालं’ पक्कं. पण ‘घटका चोरली’ असं म्हटलेलं चालेल का?

उत्तर : रूढ वाक्प्रचार नाही, पण कथेत सहज कळेल. मला विचाराल तर त्यापेक्षा ‘घटका भरली’ वापरा. लग्नाच्या मुहूर्ताची घटका भरते आणि माणसाची घटकाही भरतेच. दोन्ही अर्थ बोलण्यात आहेत. तुमच्या राज्यात ती वेळेआधी भरते. हे वाक्य राजाच्या तोंडी नको, तास ठोकणाऱ्याच्या तोंडी द्या. भोक किती मोठं आहे ते त्या एकट्याला माहीत आहे.