टेक्सासात राष्ट्राध्यक्षपदाचं मत : द्यायचं, की तो रकाना कोराच सोडायचा?

प्लेनोकर

काडी टाकतोय, मान्य. २०२४ च्या निवडणुकीत मी मतदानाला गेलो, खालच्या सगळ्या पदांना मतं दिली आणि राष्ट्राध्यक्षपदाचा रकाना कोरा सोडला. मंडळात हे बोलून गेलो तर मी गणपतीला नैवेद्य दाखवायचा विसरलो अशा नजरेनं लोकांनी बघितलं. म्हणून इथे सविस्तर.

राष्ट्राध्यक्ष थेट लोकांच्या मतांवर ठरत नाही, प्रत्येक राज्याला ठरवून दिलेल्या 'इलेक्टोरल मतां'वर ठरतो. टेक्सासची अशी ४० मतं. राज्यात ज्याला एक मत जास्त, त्याला चाळीसच्या चाळीस. १९७६ मध्ये जिमी कार्टर इथे जिंकले, त्यानंतर एकही डेमोक्रॅट नाही. २०२० मध्ये बायडन साडेपाच टक्क्यांच्या आसपास मागे राहिले तेव्हा आमचे मित्र 'पुढच्या वेळी नक्की' म्हणत पेढे वाटायच्या तयारीत होते. पुढच्या वेळी ट्रम्प जवळपास १४ टक्क्यांनी जिंकले, फरक १५ लाखांच्या वर. त्यात माझं एक मत पडलं काय आणि न पडलं काय!

आणि हे फक्त हरणाऱ्यांचं रडगाणं नाही. ते वरचे १५ लाख रिपब्लिकन घरी झोपले असते तरी ४० चे ३९ झाले नसते. म्हणजे दोन्हीकडची मतं वायाच. मतदान करू नका असं मी म्हणत नाहीये. न्यायाधीश, काउंटी (इथला जिल्हा), शाळा मंडळ, सगळीकडे मत द्या. पण पुराणमतवादी राज्यात वरच्या रकान्यातलं मत हा निव्वळ उपचार आहे, आणि मला उपचार पाळायचा कंटाळा आला आहे.

केटीच्या_काकू

प्लेनोकर, तुम्ही आयटीवाले एक्सेलमध्ये मत मोजता, तिथेच घोळ होतो.

आमच्याकडे ह्यूस्टनला मतपत्रिका किती लांब असते ते तुम्हाला ठाऊक आहे. नुसत्या न्यायाधीशांचीच नावं संपता संपत नाहीत. यंत्रापाशी फोन चालत नाही, म्हणून मी घरून चिठ्ठी लिहून नेते, ग्रोसरीच्या यादीच्या मागच्या बाजूला. मागच्या वेळी माझ्या पुढे एक आजोबा होते, त्यांच्या हातातही तशीच दुमडलेली चिठ्ठी. पूर्वी एक बटण दाबलं की पक्षाच्या सगळ्या उमेदवारांना मत जायचं, ते २०२० पासून बंद झालं. आता प्रत्येक नावासमोर थांबावं लागतं. इतका वेळ उभं राहायला माणसं येतात ती कुणासाठी? तुमच्या शाळा मंडळासाठी? राष्ट्राध्यक्षासाठी येतात, आणि आलीच आहेत तर खालचीही मतं देतात. तुमच्यासारखा विचार सगळ्यांनी केला तर रकाना कोरा राहणार नाही, रांगच राहणार नाही.

फ्रिस्कोचा_पाटील

मी उघड रिपब्लिकन. इथे लिहिलं की चार जण अंगावर येतात, तरी लिहितो.

'वाया' हा शब्द मला कळलाच नाही. मी ट्रम्पना मत दिलं, ते टेक्सासात जिंकले, देशात ३१२ इलेक्टोरल मतांनी जिंकले. माझं मत वाया कसं? क्रिकेटमध्ये शंभर धावांनी जिंकलो तर वरच्या नव्व्याण्णव धावा वाया गेल्या असं कुणी म्हणतं का?

दुसरं, पुराणमतवादी राज्य म्हणजे काहीतरी रोग असल्यासारखं बोलायची आपल्या लोकांना सवय लागली आहे. राज्याचा आयकर नाही, घर परवडतं, शाळा चांगल्या, म्हणून तुम्ही न्यू जर्सी सोडून इथे आलात. (प्रॉपर्टी टॅक्सचं बिल आलं की मीही शिव्या घालतो, तो वेगळा धागा होईल.) ज्या धोरणांची फळं खाता, त्यांना मत देणाऱ्यांची कीव करू नका एवढंच.

बेएरियातला

पाटील, तुमच्या राज्यात प्लेनोकरांची जी गत, ती माझ्या राज्यात, कॅलिफोर्नियात, तुमच्या पक्षाची. २०२० मध्ये ट्रम्पना सर्वांत जास्त मतं कुठून मिळाली? टेक्सासातून नाही. कॅलिफोर्नियातून, ६० लाख. टेक्सासात ५९ लाखांच्या आतच होती. त्या ६० लाखांच्या बदल्यात इलेक्टोरल मतं शून्य. आणि त्याच वर्षी बायडनना टेक्सासात ५२ लाखांवर मतं पडली, न्यूयॉर्क राज्यात पडली साधारण तेवढीच. टेक्सासातल्या त्या मतांच्या बदल्यातही शून्य.

म्हणून मला लाल-निळं (रिपब्लिकन-डेमोक्रॅट) हा मुद्दाच वाटत नाही. ज्याला जास्त त्याला सगळं, हा नियम आहे तोवर मोठ्या राज्यातला अल्पसंख्य मतदार फक्त शिरगणतीत मोजला जाणार.

प्लेनोकर

@केटीच्या_काकू, माणसं रांगेत येतात ती राष्ट्राध्यक्षासाठी, हे बरोबर. मी रांगेत होतोच की. माझा आक्षेप एका रकान्यापुरता आहे.

@पाटील, शंभर धावांनी जिंकलात तर नेट रनरेट वाढतो. इथे तो धरत नाहीत. आणि न्यू जर्सी मी कर बघून सोडली नाही, बायकोला नोकरी इथे मिळाली. कीव कुणाची करत नाहीये, माझ्या स्वतःच्या मताची करतोय.

ओमाहाची_मंजू

टेक्सासवाल्यांनो, जरा उत्तरेला बघा.

नेब्रास्काही पक्कं पुराणमतवादी. १९६४ नंतर राज्य म्हणून डेमोक्रॅटला कधी गेलं नाही. पण आमच्याकडे नियम निराळा आहे, १९९२ च्या निवडणुकीपासून लागू. एकूण ५ इलेक्टोरल मतं. त्यातली २ राज्यात जिंकणाऱ्याला आणि उरलेली ३ काँग्रेसच्या एकेका मतदारसंघात जिंकणाऱ्याला. आमचा ओमाहाचा दुसरा मतदारसंघ २००८ मध्ये ओबामांकडे, २०२० मध्ये बायडनकडे आणि २०२४ मध्ये हॅरिसकडे गेला. बाकी सगळं राज्य लाल.

२०२४ च्या उन्हाळ्यात आमच्या गल्लीत पांढऱ्या पाट्यांवर नुसता एक निळा ठिपका दिसायला लागला. नाव नाही, घोषणा नाही. पहिल्यांदा वाटलं कुणीतरी घर विकायला काढलंय. मग दर चौथ्या अंगणात ठिपका. समोरच्यांनी लगेच ट्रम्पचा झेंडा दुप्पट मोठा केला. अशी चुरस मी त्याआधी कधी बघितली नव्हती, कारण एका मताला खरोखर किंमत होती. मिशिगन, विस्कॉन्सिन, पेनसिल्व्हेनिया आणि आमचं एक मिळालं की हॅरिसचे बरोबर २७०, म्हणजे जिंकायला लागतात तेवढे, होत होते. आमचं गेलं की २६९-२६९, आणि मग निर्णय प्रतिनिधीगृहात, प्रत्येक राज्याला एक मत.

म्हणून तर सप्टेंबरात दक्षिण कॅरोलायनाचे रिपब्लिकन सिनेटर लिंडसी ग्रॅहम इथे येऊन आमदारांना भेटून गेले: नियम बदला, पाचही मतं एकत्र करा. आमच्या विधानमंडळाला एकच सभागृह, ४९ सदस्य, आणि अडवणूक मोडायला ३३ लागतात. ओमाहाचे माइक मॅकडॉनल यांनी निवडणुकीच्या तोंडावर नियम बदलायला नकार दिला आणि गाडं तिथेच अडलं. हे गृहस्थ काही महिन्यांपूर्वीच डेमोक्रॅट पक्ष सोडून रिपब्लिकन झालेले, हे विशेष.

तेव्हा प्लेनोकर, दोष राज्य पुराणमतवादी असण्याचा नाही, मोजणीचा आहे. आणि मोजणी बदलायचं काम राज्याच्या विधानमंडळाचं आहे. घटनेनं ते त्यांच्याकडेच सोपवलंय.

प्लेनोकर

मंजूताई, उत्तम माहिती. पण याने माझंच म्हणणं पक्कं होतं. ओमाहात असतो तर रकाना भरला असता, आणि दोनदा तपासलाही असता.

कट्ट्यावरचा_नाना

पुण्यातून लुडबुड करतो, माफी असावी. आपल्या राष्ट्रपतीच्या निवडणुकीतही राज्याराज्याच्या मताचं वजन वेगळं असतं. आमदाराच्या मताचं मूल्य उत्तर प्रदेशात २०८, महाराष्ट्रात १७५ आणि सिक्कीममध्ये ७. पण महाराष्ट्राच्या २८८ आमदारांची मतं एकाच गठ्ठ्यात जात नाहीत. ज्यानं ज्याला दिलं, त्याला तेवढं मूल्य. २००७ मध्ये शिवसेना भाजपची मित्र असूनही प्रतिभाताईंच्या मागे उभी राहिली, आणि ती मतं थेट त्यांच्या खात्यात पडली. तुमच्या पद्धतीनं मोजलं असतं तर ज्या पक्षाचे आमदार जास्त, त्याला सगळ्या महाराष्ट्राचा गठ्ठा. इतका साधा हिशेब अमेरिकेला का जमत नाही?

फ्रिस्कोचा_पाटील

नाना, जमत नाही असं नाही, नको आहे. अमेरिका हा राज्यांचा संघ आहे. राष्ट्राध्यक्ष राज्यं निवडतात, गर्दी नव्हे. उद्या देशभरची मतं एकत्र मोजली तर प्रचार न्यूयॉर्क, लॉस एंजेलिस, शिकागोत होईल आणि वायोमिंगकडे कुणी ढुंकूनही बघणार नाही.

बेएरियातला

वायोमिंगला आत्ता तरी कोण जातं? उमेदवार चुरशीच्या सात राज्यांत घिरट्या घालतात, टेक्सासात येतात ते देणग्या गोळा करायला. आणि वायोमिंगचं गणित तुम्हालाही परवडणारं नाही. लोकसंख्या पावणेसहा लाखांच्या आसपास, इलेक्टोरल मतं ३. टेक्सासची २ कोटी ९१ लाख, मतं ४०. म्हणजे तिथे एका इलेक्टोरल मतामागे दोन लाखांच्या आत माणसं, तुमच्याकडे सात लाखांच्या वर. टेक्सासचा रिपब्लिकनही यात नागवला जातोय, फक्त जिंकतोय म्हणून त्याला जाणवत नाही.

सॉल्टलेकची_सून

आमचं यूटा कुणी धरतच नाही. २०१६ मध्ये इथल्या कितीतरी धार्मिक, पुराणमतवादी लोकांना ट्रम्प पटत नव्हते आणि क्लिंटनबाईंना मत देववत नव्हतं. इव्हन मॅकमलिन नावाचा इथलाच अपक्ष उभा राहिला आणि राज्यातली २१ टक्क्यांहून जास्त मतं घेऊन गेला. ट्रम्पना ४५ टक्क्यांच्या थोडं वर. चार वर्षांपूर्वी याच राज्यानं रिपब्लिकन उमेदवार रॉम्नींना ७२ टक्क्यांवर मतं दिली होती. सहाही इलेक्टोरल मतं ट्रम्पनाच गेली, हो. पण ते आकडे सगळ्या देशानं वाचले. कोरा रकाना कोण वाचतं? प्लेनोकरांचा निषेध त्यांच्याशिवाय आणि आता आपल्याशिवाय कुणाला कळला?

रांगेतला

चर्चा छान चालली आहे. मी डॅलसच्या उपनगरात राहतो, एचवनबी या कामाच्या व्हिसावर, ग्रीनकार्डच्या रांगेत. माझी मुलं इथे जन्मली. ती मतदार होतील आणि मी तेव्हाही रांगेतच असेन.

एक गंमत सांगतो. २०२० च्या जनगणनेनंतर टेक्सासला काँग्रेसच्या दोन जागा वाढून मिळाल्या, इलेक्टोरल मतं ३८ ची ४० झाली. त्या जनगणनेत नागरिक-अनागरिक सगळे मोजले जातात. मी, माझी बायको, माझ्यासारखे इथले हजारो. तुमच्या त्या वाढीव दोन मतांत आमचीही डोकी आहेत, मत मात्र नाही. तेव्हा हातात मत असलेला माणूस 'कंटाळा आला' म्हणतो, ते वाचून मला काय वाटलं असेल ते इथे लिहिण्यासारखं नाही.

केटीच्या_काकू

रांगेतला यांना +१.

प्लेनोकर, 'ठरलेलं आहे' हे कुणी ठरवलं तेही बघा. मेक्सिको सीमेवरची स्टार काउंटी, जवळजवळ सगळी वस्ती हिस्पॅनिक. शंभराहून जास्त वर्षं तिथे राष्ट्राध्यक्षपदाचा रिपब्लिकन उमेदवार जिंकला नव्हता. २०१६ मध्ये क्लिंटनबाई ६० टक्क्यांच्या फरकानं पुढे, २०२० मध्ये बायडन जेमतेम ५ टक्क्यांनी, आणि २०२४ मध्ये ट्रम्पनी ती घेतली. आठ वर्षांत. तिथल्या रिपब्लिकनांनी 'आपलं काय चालणार' म्हणून रकाना कोरा ठेवला असता तर?

फ्रिस्कोचा_पाटील

काकू, हा दाखला माझ्या बाजूनं दिलात, आभारी आहे.

केटीच्या_काकू

बाजू बघून दाखले देत नाही मी.

प्लेनोकर

@रांगेतला, तुमचा राग रास्त आहे. पण मत नसलेल्याचं दुःख मोठं म्हणून माझ्या मताला वजन येतं, असं होत नाही. दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या आहेत.

@काकू, स्टार काउंटी उलटली, पण टेक्सासची ४० जिथे जाणार होती तिथेच गेली. काउंटीला इलेक्टोरल मत नाही.

आता माझा पुढचा मुद्दा. टेक्सासात १९९४ नंतर डेमोक्रॅट राज्यस्तरावर एकही पद जिंकलेले नाहीत. म्हणजे निवडणूक नोव्हेंबरात होतच नाही, ती मार्चमध्ये होते, रिपब्लिकन प्रायमरीत, म्हणजे पक्षाचा उमेदवार ठरवणाऱ्या निवडणुकीत. २०२४ ची प्रायमरी बघा. शाळांच्या व्हाउचरला (खासगी शाळेच्या खर्चासाठी सरकारी पैसे) विरोध करणाऱ्या स्वतःच्याच पक्षाच्या ग्रामीण आमदारांविरुद्ध गव्हर्नर ॲबट उतरले, त्यातले बरेच पडले, आणि २०२५ मध्ये व्हाउचरचा कायदा झालासुद्धा. टेक्सास प्रतिनिधीगृहाचे तेव्हाचे सभापती डेड फेलन प्रायमरीच्या दुसऱ्या फेरीत ४०० पेक्षा कमी मतांनी वाचले. चारशे! आमच्या मंडळाच्या कोजागिरीला याहून जास्त माणसं असतात. आणि मार्चमध्ये दोन्ही पक्षांचे मिळून पाचातला एक नोंदलेला मतदारही आला नव्हता. मताला किंमत हवी असेल तर ती तिथे आहे. इथे पक्षाची नोंदणी नसते, मार्चमध्ये कुठलीही एक मतपत्रिका मागता येते. यापुढे मी रिपब्लिकन मागणार.

फ्रिस्कोचा_पाटील

म्हणजे नोव्हेंबरात आम्हाला मत द्यायचं नाही, आणि मार्चमध्ये आमचा उमेदवार तुम्ही ठरवणार? याच उद्योगांमुळे पक्षानं प्रायमरी फक्त पक्षाच्या लोकांपुरती ठेवा म्हणून २०२५ मध्ये कोर्टात दावा लावला आहे. मी त्या दाव्याच्या बाजूनं आहे.

प्लेनोकर

दावा निकाली निघेपर्यंत कायदा मला येऊ देतो. आणि शाळेचा कर मीही भरतो पाटील, फ्रिस्कोत तुम्ही भरता तसाच.

ओमाहाची_मंजू

घ्या! दोन पानं मत वाया जातं म्हणून भांडलात, आणि शेवटी एकाला ते द्यायचंय आणि दुसऱ्याला ते नकोय.

फ्रिस्कोचा_पाटील

नकोय असं नाही मंजूताई. नोव्हेंबरात द्या म्हणतोय, वरच्या रकान्यात.