श्वसन आणि श्वासोच्छ्वास : झाड नेमकं काय करतं?

खडूफळा :
सहावी-सातवीच्या मुलांची शिकवणी घेते. सध्या सजीवांची लक्षणं चालू आहेत : वाढ, श्वसन, उत्सर्जन, चेतनाक्षमता, हालचाल, प्रजनन वगैरे. एका मुलाने लिहिलंय, 'झाडाला नाक व फुप्फुसे नसल्याने ते श्वसन करत नाही, तरी ते सजीव आहे.' दुसऱ्याचं उत्तर, 'झाड फक्त रात्री श्वासोच्छ्वास करते.' दोघांनाही कुठे चुकलं ते सांगायचंय. पण आपण मोठी माणसंच 'श्वसनाचे व्यायाम', 'श्वसनाचा त्रास' म्हणतो. मग श्वसन आणि श्वासोच्छ्वास यांत फरक करायचा तो कुठे?

निवळी :
श्वासोच्छ्वास म्हणजे श्वास अधिक उच्छ्वास. हवा आत, हवा बाहेर. छाती वरखाली होते, ती त्यासाठी. श्वसन त्याच्या पुढचं : पेशीच्या आत ग्लुकोज मोडतं, ऊर्जा मोकळी होते, कार्बन डायऑक्साइड आणि पाणी उरतं. श्वासोच्छ्वास हा श्वसनाला लागणारा ऑक्सिजन आणून देण्याचा एक मार्ग झाला, एकमेव नव्हे. गांडुळाला नाकही नाही आणि फुप्फुसंही नाहीत, ओलसर कातडीतून वायूंची ये-जा होते. झाडाच्या पानांवर पर्णरंध्रं असतात, खोडाच्या सालीवर वल्करंध्रं, या बारीक छिद्रांतून वायूंची ये-जा होते. म्हणजे झाड श्वासोच्छ्वास करत नाही, श्वसन मात्र चोवीस तास करतं. दिवसा प्रकाशसंश्लेषणाचा जोर इतका असतो की श्वसन झाकलं जातं. 'फक्त रात्री' हा समज तिथूनच आलाय.

पेठेतला मी :
निवळीताई, सगळं मान्य. पण शब्द बनवणाऱ्यांनीच घोळ घातलाय ना? दोन्ही एकाच 'श्वस्' धातूचे. पोराने फरक ओळखायचा कसा? पेशीतल्या क्रियेला निराळाच शब्द द्यायला हवा होता.

निवळी :
इंग्रजीतही श्वास घेण्याला आणि पेशीतल्या क्रियेला 'रेस्पिरेशन' हा एकच शब्द लावतात, तेव्हा दोष एकट्या मराठीचा नाही. शिवाय 'ऑक्सिश्वसन' आणि 'विनॉक्सिश्वसन' हे शब्द आता पाठ्यपुस्तकांत रुळलेत. यीस्ट ऑक्सिजनशिवाय साखर मोडतं, ते विनॉक्सिश्वसन. तिथे हवा आत घेण्याचा प्रश्नच येत नाही, तरी शब्द श्वसनच.

मुलांना शब्द पाठ करायला लावण्याआधी मटकी दाखवा. किलोभर मटकीला मोड आणा आणि डब्यात दाबून भरून झाकण लावा. काही तासांनी मधोमध बोटं खुपसली की ऊब लागते. ती ऊब श्वसनाची. थर्मासमध्ये तापमापी ठेवून केलंत तर आकड्यात दिसेल. शेजारी तेवढीच मटकी उकळून गार करून दुसऱ्या थर्मासमध्ये ठेवा, ती तापणार नाही. (फार दिवस ठेवू नका. ती आंबते, मग जंतूंच्या श्वसनाने तीही तापायला लागते आणि पोरं प्रश्न विचारतात.) मोड आलेल्या मटकीच्या बंद बरणीत चुन्याच्या निवळीची वाटी ठेवलीत तर श्वसनातल्या कार्बन डायऑक्साइडने निवळी दुधाळ होते. माझं टोपणनाव तिथूनच घेतलंय.

तिवर :
खाडीकाठचा माणूस आहे म्हणून विचारतो. आमच्याकडे तिवराची मुळं चिखलातून पेन्सिली रोवल्यासारखी वर आलेली असतात. पुस्तकात त्यांना 'श्वसनमुळे' म्हणतात. निवळीताईंच्या हिशोबाने हे बरोबर की चूक? श्वसन तर प्रत्येकच मूळ करतं. चिखलात हवा नसते म्हणून ही मुळं वर येतात आणि त्यांच्यावरच्या बारीक छिद्रांतून हवा आत जाते. म्हणजे काम हवा घेण्याचं. खरं तर 'श्वासमुळे' म्हणायला हवं.

निवळी :
शंभर टक्के. 'श्वासमुळे' असंही काही ठिकाणी लिहितात, मला तेच पटतं. पण परीक्षेत मुलाने 'श्वसनमुळे' लिहिलं तर गुण कापू नका.

पेठेतला मी :
याच पाठातला 'चयापचय' घ्या. निम्मी पोरं तो 'अपचन'चा भाऊबंद समजतात. उत्तर काय तर 'अन्न पचणे म्हणजे चयापचय'.

जुना कोश :
यात मात्र शब्द बनवणाऱ्याला दाद द्यायला हवी. चय म्हणजे साठणं, भर पडणं. अपचय म्हणजे झीज, मोडणं. चय + अपचय = चयापचय. शरीरात जे काही बांधलं जातं आणि जे काही मोडलं जातं ते सगळं या एका शब्दात आलं. यकृत ग्लुकोज जोडून ग्लायकोजेन करतं तो चय. उपास पडला की तेच ग्लायकोजेन मोडतं तो अपचय. हिंदीत याला 'उपापचय' म्हणतात, त्यात ही जोडी इतकी उघड दिसत नाही. फळ्यावर संधी सोडवून दाखवला तर व्याख्या वेगळी पाठ करावी लागत नाही.

जाता जाता : 'वनस्पती' हा शब्द आपण सरसकट वापरतो, पण चरकसंहितेत वनस्पती म्हणजे फुलं न दिसता फळं येणारं झाड, उंबरासारखं. फुलं येऊन फळं धरणारा तो वानस्पत्य, पसरणारी वेल ती वीरुध, आणि फळ पिकलं की मरते ती ओषधी. भात, गहू, ज्वारी या हिशोबाने ओषधी! उंबराची फुलं फळासारख्या दिसणाऱ्या भागाच्या आत दडलेली असतात हे आज ठाऊक आहे, पण बाहेरून बघणाऱ्याची वर्गवारी म्हणून ती चोख आहे.

वऱ्हाडी ठेचा :
आणि पेशी? आमच्याकडं पेशी कोर्टात असते भाऊ, पुढची पेशी सोमवारी.

जुना कोश :
😄 संस्कृतात आणि हिंदीत पेशी म्हणजे स्नायू, म्हणून हिंदीत मांसपेशी. सजीवाच्या एककाला ते कोशिका म्हणतात. मराठीने पेशी शब्द त्या एककासाठी घेतला आणि स्नायू मांसाला दिला. हिंदी माध्यमातून आलेल्या मुलाला पहिले काही दिवस हे उलटसुलट वाटणारच. १६६५ मध्ये रॉबर्ट हूकने बुचाच्या कापात पाहिले ते तर रिकामे कप्पे होते, मेलेल्या पेशींच्या नुसत्या भिंती. कप्पा या अर्थाने कोशिकाच जवळचा, पण मराठीत पेशी आता हलायची नाही.

निवळी :
पेशीवरून आठवलं, डेंग्यूच्या दिवसांत सगळे म्हणतात, 'पांढऱ्या पेशी कमी झाल्या', आणि म्हणायचं असतं प्लेटलेट. डेंग्यूत पांढऱ्या पेशीही घटतात, पण प्लेटलेट वेगळ्या. त्या अख्ख्या पेशी नव्हेतच, अस्थिमज्जेतल्या मोठ्या पेशींचे तुटलेले तुकडे आहेत, केंद्रक नसलेले.

खडूफळा :
खूप मिळालं, धन्यवाद. मटकी आजच भिजवते. एक शेवटचं : 'उत्सर्जन' म्हटलं की मुलं शौचाला जाणं लिहितात.

निवळी :
तो मलविसर्ग. न पचलेलं अन्न बाहेर पडतं, ते बहुतांशी पेशींमध्ये शिरलेलंच नसतं. उत्सर्जन म्हणजे पेशींच्या कामातून तयार झालेला टाकाऊ भाग काढणं : लघवीतला युरिया, उच्छ्वासातला कार्बन डायऑक्साइड. वनस्पतींचं उदाहरण हवं असेल तर गळणारी पानं आणि डिंक सांगा. अळूची खाजही पुस्तकं याच यादीत घालतात. पानात कॅल्शियम ऑक्झालेटचे सुईसारखे स्फटिक असतात, ते घशाला टोचतात. पण ते निव्वळ टाकाऊ नसून पान खाणाऱ्याला पळवून लावायलाही उपयोगी पडतात, तेव्हा अळू मी दुसऱ्या क्रमांकावर ठेवीन.

तिवर :
आणि अळूचं फतफतं (पातळ भाजी) पहिल्या क्रमांकावर.