मुलीला एचपीव्हीची लस द्यायची आहे. ‘कशाची लस?’ असं ती विचारते. काय सांगू?

धाकटी_बहीण

माझी मुलगी गेल्या महिन्यात १२ वर्षांची झाली. एचपीव्ही, म्हणजे ज्या विषाणूमुळे गर्भाशयमुखाचा कॅन्सर होतो, त्याची लस आताच देऊन टाका, असं तिच्या डॉक्टरांनी सांगितलंय. द्यायची हे माझं पक्कं आहे. नवरा म्हणतो, “एवढीशी आहे ती, घाई काय आहे? अठराची होऊ दे, मग बघू.” आणि मुलगी विचारते, “आई, ही कशाची लस?” तिथे मी अडते.

माझं पक्कं का, ते सांगते. माझ्या ताईला ४६व्या वर्षी गर्भाशयमुखाचा कॅन्सर निघाला. संबंधानंतर रक्त जायचं, ते तिने जवळजवळ वर्षभर अंगावर काढलं. पाळी जायचं वय आहे, असं होतंच, अशी स्वतःची समजूत घालत राहिली. खरं कारण तिने मला फार नंतर सांगितलं, रेडिएशन चालू असताना. डॉक्टरांसमोर बसून ‘संबंधानंतर’ हा शब्द तोंडातून काढायचा कसा, हेच तिला जमत नव्हतं. निदान झालं तेव्हा तिसरी स्टेज होती. चौदा महिन्यांनी ती गेली. त्याला आता तीन वर्षं झाली.

आजारपणात भेटायला आलेल्या एका नातेवाईक बाईंनी तिला विचारलं होतं, “हा विषाणू तुझ्याकडे आला कुठून?” त्या दिवसानंतर ताईने लोकांना भेटणं बंद केलं.

मला मुलीशी खोटं बोलायचं नाही. ‘कॅन्सरची लस’ एवढंच सांगून विषय संपवू, की तो विषाणू कसा पसरतो तेही सांगू? आणि १२व्या वर्षी ही खरंच घाई आहे का? नवऱ्याला समजेल असं कुणी सांगू शकेल?

काचपट्टी

मी सायटॉलॉजीच्या, म्हणजे पेशी तपासणाऱ्या लॅबमध्ये काम करते. चोवीस वर्षं रोज पॅप टेस्टच्या, म्हणजे गर्भाशयमुखावरून घेतलेल्या पेशींच्या स्लाइड बघते आहे. तुमचा प्रश्न वाचून काल रात्रीच लिहायला बसले होते, पण ताईंबद्दलचा तो परिच्छेद वाचल्यावर लिहवेना.

आधी त्या बाईंच्या प्रश्नाचं उत्तर. ते उत्तर कुणालाच देता येत नाही. एचपीव्हीची लागण झालेली पेशी सूक्ष्मदर्शकाखाली ओळखू येते. केंद्रकाभोवती रिकामं वलय दिसतं आणि केंद्रक मनुक्यासारखं सुरकुतलेलं असतं. आम्ही तिला कोइलोसाइट म्हणतो. अशा पेशी मी हजारो बायकांच्या बघितल्या आहेत. पेशीवरून लागण दिसते. ती कुणाकडून आली, कधी आली, यातलं काहीही पेशी सांगत नाही. विषाणू वर्षानुवर्षं गप्प पडून राहू शकतो. आयुष्यात एकच जोडीदार असलेल्या बाईलाही होतो. शरीरसंबंध आलेल्या बहुतेक सगळ्या माणसांना, बायकांना आणि पुरुषांना, कधी ना कधी याची लागण होऊन जाते आणि बहुतेकांना ती कळतही नाही, कारण एक-दोन वर्षांत शरीर आपणच तिला घालवतं. ताईंचं शरीर घालवू शकलं नाही, इतकंच झालं. त्यांच्या वागण्याशी याचा काही संबंध नव्हता. हे त्यांना तेव्हा कुणीतरी सांगायला हवं होतं.

आता घाईचं. एचपीव्हीचे २००हून जास्त प्रकार आहेत. त्यातले डझनभर कॅन्सरकडे नेणारे. गर्भाशयमुखाच्या कॅन्सरपैकी साधारण ७० टक्के फक्त १६ आणि १८ या दोन प्रकारांमुळे होतात. (१६ नंबरचा प्रकार हाराल्ड त्सुर हाउसेन यांच्या गटाने १९८३ मध्ये वेगळा काढला. त्यांना २००८ चं नोबेल मिळालं.) लागण टिकून राहिली तर विषाणूची दोन प्रथिनं पेशीला ‘थांब’ म्हणणारी यंत्रणा निकामी करतात. पेशी वाढत सुटते. पण हे सावकाश होतं. लागणीपासून कॅन्सरपर्यंत साधारण १५ ते २० वर्षं जातात. म्हणजे ४६व्या वर्षी निघालेल्या कॅन्सरची सुरुवात बहुधा ऐन तरुणपणीच झालेली असते.

लस शरीरात आधीच शिरलेल्या विषाणूला बाहेर काढत नाही, त्याला मुळात शिरू देत नाही. म्हणून ती लागण व्हायची शक्यता सुरू होण्याच्या कितीतरी आधी द्यायची. शिवाय ९ ते १४ या वयात शरीर तिला जास्त जोरदार प्रतिसाद देतं. या वयात दोन डोस पुरतात, पंधरापासून पुढे बऱ्याच ठिकाणी तीन देतात. २०२२ पासून जागतिक आरोग्य संघटनेने एका डोसचा पर्यायही मान्य केला आहे.

यजमानांना इंग्लंडचे आकडे दाखवा. २०२१ मध्ये प्रसिद्ध झालेत. तिथे लसीकरण सुरू झालं तेव्हा वेगवेगळ्या वयाच्या मुलींना एकच लस मिळाली. १२-१३व्या वर्षी ज्यांना लस मिळाली, त्या गटात गर्भाशयमुखाचा कॅन्सर ८७ टक्क्यांनी कमी झाला. १४ ते १६ या वयात मिळालेल्यांमध्ये ६२ टक्के. १६ ते १८ वाल्यांमध्ये ३४. देश तोच, लस तीच. वय तेवढं वेगळं. मी हा तक्ता पहिल्यांदा पाहिला तेव्हा बराच वेळ त्या तीन आकड्यांकडेच बघत राहिले होते. ‘अठराची होऊ दे’ म्हणजे काय सोडून द्यायचं, ते त्यात लिहिलेलं आहे.

मुलीला काय सांगायचं? मी माझ्या भाचीला सांगितलं ते असं: “एक विषाणू आहे, तो अंगाला अंग लागून पसरतो. मोठेपणी माणसं जोडीदाराच्या जवळ येतात तेव्हा तो बहुतेक सगळ्यांना कधीतरी होतो. बहुतेकांचं शरीर त्याला घालवतं. काहींचं नाही घालवत, आणि मग खूप वर्षांनी कॅन्सर होऊ शकतो. ही लस त्याला आधीच अडवते.” एवढं ऐकून तिने विचारलं, “दुखते का?” बाराव्या वर्षी त्यांची काळजी तेवढीच असते. अवघडतो आपण.

दोन_मुलग्यांचा_बाबा

बायकांच्या चर्चेत बोलू का नको असं झालं होतं, पण लिहितोच. दाढी करताना मानेला एक गाठ लागली. दुखत नव्हती. वय ५२, तंबाखू कधीच नाही. टॉन्सिलचा कॅन्सर निघाला, एचपीव्हीमुळे झालेला. तोपर्यंत हा विषाणू फक्त बायकांना त्रास देतो असंच मला वाटत होतं. घशाचा, गुदद्वाराचा, शिश्नाचा कॅन्सर पुरुषांनाही यातून होऊ शकतो, हे मला बायोप्सीच्या रिपोर्टनंतर कळलं. एचपीव्हीवाल्या घशाच्या कॅन्सरला उपचार चांगले लागू पडतात म्हणतात, मलाही पडले, पण सात आठवड्यांच्या रेडिएशननंतर लाळ परत आली नाही. जेवताना प्रत्येक घासाला पाणी लागतं.

घशाच्या कॅन्सरसाठी गर्भाशयमुखासारखी चाळणी तपासणी नाही. म्हणजे आधी कळायचा मार्ग नाही. दोन्ही मुलांना लस दिली. ऑस्ट्रेलियात तर मुलग्यांनाही २०१३ पासून सरकारी कार्यक्रमातून देतात. तुम्हाला मुलगा असेल तर त्यालाही विसरू नका.

एक_शंका

मीही आई आहे, म्हणून विचारते. या लसीने मुलींना कायमचे त्रास झाले, पुढे मूल होत नाही, असे व्हिडिओ फिरतात. त्यात खरं किती?

लस_टोचणारी

मी परिचारिका आहे, शाळकरी मुलांना लस टोचणं हेच माझं काम.

लसीत जिवंत विषाणू नसतो, मेलेलाही नसतो. विषाणूच्या कवचाचं एक प्रथिन असतं, ते आपोआप जुळून पोकळ गोळा बनतं. आत जनुकीय ऐवज काहीच नाही, त्यामुळे लसीतून लागण होणं शक्य नाही. वंध्यत्वाशी संबंध असल्याचा पुरावा मिळालेला नाही. २००६ पासून जगभर कोट्यवधी डोस दिले गेलेत.

मला प्रत्यक्ष जे दिसतं ते हे: दंड दुखतो, थोडा सुजतो, कुणाला ताप, डोकेदुखी. आणि या वयातली मुलं सुईला घाबरून चक्कर येऊन पडतात. म्हणून टोचल्यावर १५ मिनिटं बसवून ठेवायचंच. तीव्र ॲलर्जी फार क्वचित, आणि तीही त्या १५ मिनिटांत बहुधा लक्षात येते.

व्हिडिओंचं म्हणाल तर जपानचं बघा. तिथे अशाच बातम्यांमुळे जून २०१३ मध्ये सरकारने लसीची शिफारस थांबवली. लस घेणाऱ्या मुली सुमारे ७० टक्के होत्या, त्या १ टक्क्याच्याही खाली आल्या. नागोया शहरात हजारो मुलींची पाहणी झाली. लस घेतलेल्या आणि न घेतलेल्या, दोघींमध्ये ती लक्षणं सारखीच निघाली. शिफारस पुन्हा सुरू व्हायला एप्रिल २०२२ उजाडलं. मधल्या नऊ वर्षांत बारा-तेरा वर्षांच्या झालेल्या बहुतेक मुली त्या वयात लसीविना राहिल्या. त्यांचं मला फार वाईट वाटतं.

धाकटी_बहीण

सगळ्यांचे आभार. ते तीन आकडे नवऱ्याला वाचून दाखवले. तो काही बोलला नाही, थोड्या वेळाने म्हणाला, “शनिवारी मला सुट्टी आहे, मी घेऊन जातो.”

मुलीला काल रात्री सांगितलं. काचपट्टींचेच शब्द वापरले, शेवटी “मावशीला हाच झाला होता” हे जोडलं. ती बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, “मावशीला का नाही दिली?” मी सांगितलं की लस आली २००६ मध्ये, मावशी तेव्हा तिशी ओलांडून गेली होती. मला रडू आलं, तिने माझा हात धरून ठेवला.

एक विचारायचं राहिलं. मी ४१ची आहे. मीही घेऊ का?

काचपट्टी

तुमच्या वयात लसीचा उपयोग बराच कमी होतो, घ्यायची का ते डॉक्टरांशी बोलून ठरवा. पण तपासणी मात्र टाळू नका. एचपीव्ही टेस्ट किंवा पॅप, जी मिळेल ती. कॅन्सर होण्याच्या कितीतरी वर्षं आधी बदललेल्या पेशी आम्हाला दिसतात, आणि त्या टप्प्यावर छोट्या उपचाराने तो भाग काढून टाकता येतो. तपासणीच्या वेळी रक्त जातं का, कधी जातं असं विचारलं तर सगळं सांगा. मुलीलाही मोठेपणी तपासणी करावीच लागेल, कारण लस सगळे प्रकार अडवत नाही. शेवटची तपासणी कधी केली होती?

धाकटी_बहीण

कधीच नाही. आज फोन करते.

लस_टोचणारी

शनिवारी मुलीला उपाशी नेऊ नका, सैल बाह्यांचं काहीतरी घालायला सांगा. आणि बाबांना सांगा, टोचताना तिच्याशी बोलत राहा.