सोलमधली रात्रीची भूत-फेरी: निवडताना काय बघावं, आधी काय माहीत असावं?

कोथरूड_डेपो (प्रश्न)

ऑक्टोबरच्या दुसऱ्या आठवड्यात आम्ही तिघं पुण्याहून सोलला जातोय. सोबत बारा वर्षांची मुलगी आहे. एका संध्याकाळी इंग्रजी बोलणाऱ्या गाइडबरोबर पायी भूत-फेरी करायची आहे. जुन्या गल्ल्या, राजवाड्याची भिंत, तिथल्या लोककथा आणि 'मुदांग' म्हणजे ज्यांच्या अंगात देव येतो त्या बायकांची परंपरा, असं साधारण त्यात असतं.

फेरी निवडताना काय तपासायचं? गाइडचं बोलणं डोक्यावरून जाऊ नये म्हणून आधी काय समजून घ्यावं? खरा विधी बघायला मिळतो का? आणि मुलीला न्यावं का? शनिवारवाड्याच्या गोष्टी ती आवडीने ऐकते, पण अंधारातून कोणी मुखवटा घालून अंगावर आलेलं तिला झेपणार नाही.

भांडारकर_रस्ता

मुखवटे घालून घाबरवण्याचे खेळ तिकडे थीम पार्कमध्ये असतात. पायी फेरीत गाइड थांबत थांबत गोष्टी सांगतो, एवढंच. तरी बुकिंगच्या पानावर वयाची अट वाचा. काही फेऱ्यांत खून, आत्महत्या, छळ हे सगळं उघडपणे सांगतात आणि त्या मोठ्यांसाठीच असतात. लोककथांवर भर असलेली फेरी घेतलीत तर मुलीला जरूर न्या.

आता समजून घेण्याचं. तिकडे माणसाचं भूत का होतं, एवढं पक्कं कळलं की निम्म्या गोष्टी आपोआप उलगडतात. आपल्या श्राद्धासारखा त्यांच्याकडे 'जेसा' असतो, वंशजांनी पूर्वजांना घातलेलं पान. जो लग्नाआधी गेला त्याला वंशज नाहीत, म्हणजे पान घालणारं कोणी नाही, म्हणून तो अडकला. कुमारिकेचं भूत म्हणजे छॉन्यॉ ग्वीशिन आणि अविवाहित पुरुषाचं मोंगदाल ग्वीशिन, ही दोन सगळ्यात जास्त ऐकू येतात. मुंजा माहीत असलेल्या माणसाला यात परकं काहीच वाटणार नाही. मुल ग्वीशिन ('मुल' म्हणजे पाणी) पाण्यात ओढतो, तो आपल्या कोकणातल्या गिऱ्ह्याच्या जवळचा.

कुमारिकेच्या भुताचे कपडे पांढरे का, केस मोकळे का, हेही मुलीला आधी सांगून ठेवा. पांढरं हे तिकडे शोकाचं वस्त्र. जुन्या काळी मुलगी वेणी घालायची आणि लग्न झालं की अंबाडा बांधायची. मोकळे केस दोन्हींत बसत नाहीत. ती बाई कुठल्याच घरची राहिली नाही, हे केसांवरूनच कळतं.

दुसरा शब्द 'हान'. मनात साचून राहिलेलं, दाद न मिळालेलं दुःख. मिऱ्यांग गावची आरांगची गोष्ट बहुधा ऐकायला मिळेल. अधिकाऱ्याची मुलगी मारली जाते, प्रेत सापडत नाही. त्यानंतर येणारा प्रत्येक नवा अधिकारी पहिल्याच रात्री भीतीने मरतो. शेवटी एक धीराचा निघतो, तिला विचारतो, 'काय हवंय?' ती खुन्याचं नाव सांगते, न्याय होतो, भूत परत दिसत नाही. म्हणजे भूत सूड घ्यायला आलेलंच नव्हतं, तक्रार नोंदवायला आलं होतं. फेरीत प्रत्येक भुताबद्दल 'याची तक्रार काय?' एवढं विचारत राहा, गाइडही खुलतो.

मुदांगचं काम इथून सुरू होतं. तिच्या विधीला 'गुट्' म्हणतात (शेवटचा ट् अर्धवट, गिळल्यासारखा). दक्षिणेकडच्या जॉल्ला भागात मृतासाठी 'शिटकिम गुट्' करतात, त्यात लांब पांढऱ्या कापडाला ओळीने गाठी मारलेल्या असतात. मुदांग गाणं म्हणत एकेक गाठ हिसका देऊन सोडवते. गाठ म्हणजे त्या मेलेल्या माणसाचा हान. सोलकडच्या विधीत कापड ताणून धरतात आणि ती अंगाने ते मधोमध फाडत पुढे जाते, मृताला वाट करून देते. गाइडने 'वाट मोकळी करणं' असा शब्द वापरला की हे कापड डोळ्यासमोर आणा.

अजून एक नाव: बारी गोंगजू. सातवी मुलगी म्हणून राजाने टाकून दिलेली. तोच राजा आजारी पडल्यावर ती परलोकात जाऊन जीवनजल आणते. मुदांग तिला आपली मूळ पूर्वज मानतात.

नेव्हर_मॅप_पुणे

वर सगळं आलंय, मी फक्त पायाखालचं सांगतो.

बुकिंगच्या पानावर चार गोष्टी बघा: किमान किती लोक आले तरच फेरी निघते, पाऊस आला तर काय, एका गाइडमागे किती जण, आणि वाटेत चढ-पायऱ्या किती. वीसच्या वर माणसं असतील आणि कानात लावायचं यंत्र देत नसतील, तर मागच्यांना काही ऐकू येत नाही. अरुंद गल्लीत गाइडला आवाज चढवता येत नाही, लोक झोपलेले असतात.

सगळ्यात जास्त चुकतं ते भेटायचं ठिकाण. सोलमध्ये मेट्रो स्टेशनला अनेक निर्गम असतात आणि निर्गम क्रमांकच पत्ता असतो. चुकीच्या क्रमांकाने वर आलात तर आठ पदरी रस्त्याच्या पलीकडे निघता आणि परत खाली उतरून चालत यावं लागतं. गाइड वेळेला निघतो. पंधरा मिनिटं आधी पोहोचा. नकाशासाठी नेव्हर मॅप किंवा काकाओ मॅप फोनमध्ये घ्या. पायी रस्ता दाखवायला गूगल तिकडे कमी पडतो. मेट्रो-बससाठीचं टी-मनी कार्ड कुठल्याही 'कन्व्हीनियन्स स्टोअर'मध्ये मिळतं, त्यात पैसे मात्र रोखीने भरायची तयारी ठेवा.

फेरी बुकछोनमधून, म्हणजे जुन्या घरांच्या वस्तीतून, जात असेल तर नीट विचारा. तिथल्या 'लाल पट्ट्यात' (जिथे लोक राहतात त्या निर्बंध असलेल्या गल्ल्या) पर्यटकांना सकाळी १० ते संध्याकाळी ५ एवढीच मुभा आहे, मार्च २०२५ पासून मोडणाऱ्याला एक लाख वॉन दंड आहे. रात्री त्या गल्लीचं आमिष दाखवणारी फेरी घेऊ नका. चांगले गाइड त्या पट्ट्याला वळसा घालून जातात.

ऑक्टोबरच्या मध्यावर सूर्य सहाच्या आसपास मावळतो, म्हणजे सातची फेरी पूर्ण अंधारात होते. रात्री पारा दहा अंशांपर्यंत उतरतो. पुण्याच्या डिसेंबरएवढीच थंडी, पण एका जागी उभं राहून गोष्ट ऐकताना ती जास्त लागते. पातळ जाकीट, टोपी, रबरी तळाचे बूट. टिप द्यायची पद्धत नाही. शाकाहारी असाल तर निघण्याआधी खाऊन घ्या. रात्री हाताशी मिळणाऱ्या भाताच्या त्रिकोणी गोळ्यात बहुधा ट्यूना मासा असतो. अडचण आली तर १३३० वर पर्यटकांसाठी इंग्रजीत बोलणारे मिळतात, रुग्णवाहिका ११९, पोलीस ११२.

सदाशिव_पेठ_उत्तर

एक दुरुस्ती आधीच करून ठेवतो, कारण फेरीत याचा हमखास गोंधळ होतो. तोक्केबी म्हणजे भूत नव्हे. तो मेलेल्या माणसाचा नसतो, जुन्या टाकून दिलेल्या वस्तूतून होतो. झिजलेला झाडू, त्यातही रक्त लागलेला, हे नेहमीचं उदाहरण. त्याला कुस्ती आवडते, बकव्हीटच्या पिठाची खळ घट्ट करून केलेली वडी आवडते. रात्रभर कुस्ती करून माणूस सकाळी बघतो तर मिठीत झाडू! मुलीला हीच गोष्ट आधी सांगा, भीती निम्मी होईल.

राजवाड्याबद्दल: छांगग्यॉंगगुंग रात्री ९ पर्यंत उघडा असतो, शेवटचा प्रवेश ८ ला, सोमवारी बंद, तिकीट एक हजार वॉन. तिथे १७६२ साली राजा यॉंगजोने स्वतःच्या मुलाला, युवराज सादोला, तांदळाच्या पेटीत कोंडलं. आठव्या दिवशी तो मेला. उघड शिक्षा दिली असती तर तो गुन्हेगार ठरून त्याच्या मुलावरही डाग आला असता, म्हणून पेटी. तो मुलगाच पुढे राजा जॉंगजो झाला. आपल्याकडे नारायणरावांचा खून ३० ऑगस्ट १७७३ चा, जेमतेम अकरा वर्षांनंतरचा. शनिवारवाडा जवळून पाहिलेल्या मुलीला ही तुलना लगेच भिडेल. फेरी वाड्याच्या बाहेरूनच जात असेल तर आदल्या संध्याकाळी तुम्ही स्वतः आत जाऊन या. मुनजॉंगजॉन या दालनाचं अंगण शोधा, युवराजाला तिथेच पेटीत घातलं.

कोथरूड_डेपो

खूप आभार. गुट् प्रत्यक्ष बघण्याबद्दल कोणी सांगेल का? इन्वांगसान डोंगरावर देऊळ आहे म्हणतात. फेरी संपल्यावर रात्रीच चढता येईल?

भांडारकर_रस्ता

रात्री जाऊ नका. ते देऊळ म्हणजे कुकसादांग. आधी ते नामसान टेकडीवर होतं. १९२५ मध्ये जपान्यांनी तिथे आपलं शिंतो देऊळ बांधलं, तेव्हा हे इन्वांगसानवर हलवलं. मेट्रोची ३ क्रमांकाची लाइन, दोंगनिममुन स्टेशन, निर्गम २. तिथून घरांच्या मधून चढ, पंधरा-वीस मिनिटं. पायऱ्या उभ्या आहेत, अंधारात पाय घसरतो.

सकाळी जा. गुट् रोज असतोच असं नाही. असला तर झांजेचा आणि जांग्गू ढोलाचा आवाज खालूनच कानावर येतो. पूर्ण गुट्ला अख्खा दिवस जातो, प्रत्येक देवासाठी मुदांग कपडे बदलते. मांडणीत डुकराचं मुंडकं ठेवलेलं असतं, हे मुलीला आधी सांगा. तो कुणाच्या तरी घरचा विधी असतो, दुःखाचा किंवा आजाराचा. दाराबाहेर उभं राहा, फोटो काढू नका, कोणी हाताने 'या' म्हटलं तरच पुढे व्हा. आपल्याकडे कुणाच्या घरी जागरण-गोंधळ चालू असताना अनोळखी माणूस मोबाइल धरून आत शिरला तर कसं वाटेल, तसंच.

थोडं वर सॉनबावी नावाचा खडक आहे, झगा घातलेल्या भिक्षूसारखा दिसतो. मूल व्हावं म्हणून बायका तिथे प्रार्थना करत आल्या आहेत. समोर ठेवलेली फळं, मेणबत्त्या, तांदूळ यांना हात लावू नका.

खाली शहरात एखाद्या दारावर बांबूला पांढरं आणि लाल निशाण आणि पाटीवर स्वस्तिक दिसलं, तर ते मुदांगचं घर. आत भविष्य विचारायला जायचंच असेल तर दर आधी विचारा. 'मोठा गुट् केला नाहीत तर अनर्थ होईल' असं कोणी म्हणालं, तर आभार मानून उठा.